बाटलीवाल्याची पेढी : सर जमशेटजी जीजीभाई

वाचकहो, मुंबईच्या जे. जे. हॉस्पिटलचे नाव ऐकले नाही असे घर आपल्यात शोधूनही सापडणार नाही. आपल्यापैकी कोणी तेथे उपचार घेतले असतील, कोणाचा मुलगा शेजारच्या ग्रँट मेडिकल कॉलेजात शिकून डॉक्टर झाला असेल. परंतु जे. जे. ही अक्षरे ज्यांच्या नावाची आहेत ते गृहस्थ कोण होते, त्यांनी पैसा कसा मिळवला आणि कोणाच्या साथीने मिळवला, हे फार थोड्यांना ठाऊक असते. आपण पालक असा वा विद्यार्थी, हे चरित्र आपण समजून घ्यावे असे मला वाटते. त्यात अनुकरण करण्यासारखे पुष्कळ आहे आणि विचार करायला लावणारेही आहे.

जमशेटजींचा जन्म सन १७८३ मध्ये एका गरीब पारशी कुटुंबात झाला. सन १७९९ मध्ये आई व वडील दोघांचेही छत्र हरपले. तेव्हा त्यांचे वय अवघे सोळा वर्षांचे होते. शालेय शिक्षण म्हणावे असे जवळ काहीच नव्हते. मुंबईत त्यांचे मामा फ्रामजी यांचा रिकाम्या बाटल्यांचा धंदा होता. त्या दुकानात ते उमेदवारीला राहिले. यावरूनच त्यांना बाटलीवाला हे नाव पडले. पुढे लक्षाधीश झाल्यावरही हे नाव लावण्यात त्यांना कमीपणा वाटला नाही. हिशेब ठेवणे आणि व्यवहारापुरते इंग्रजी ते कामातच शिकले.

त्या काळी मुंबईच्या व्यापाऱ्याला दूरचे मोठे बंदर म्हणजे चीनमधील कँटन. हा व्यापार कसा चाले ते आधी पाहू. इंग्लंडला चहा हवा होता आणि चहा चीनमध्ये पिके. चिनी व्यापारी त्याचे मोल चांदीत मागत. एवढी चांदी ईस्ट इंडिया कंपनीकडे नसे. मग हिंदुस्थानातील व्यापारी कापूस आणि अफू चीनला पाठवीत, तेथे ती चांदीला विकीत आणि चांदी कँटन येथील कंपनीच्या खजिन्यात भरीत. बदल्यात त्यांना लंडनवर वटणारी हुंडी मिळे. कंपनी त्या चांदीतून चहा विकत घेई. अशा रीतीने गुजरातचा शेतकरी, मुंबईचा व्यापारी, कँटनचा दलाल आणि लंडनची पेढी हे सारे एका साखळीत गुंफले गेले होते.

या साखळीत शिरण्यासाठी तरुण जमशेटजी पाच वेळा समुद्रमार्गे चीनला गेले. तेव्हा इंग्रज व फ्रेंच यांचे युद्ध चालू होते. सन १८०५ मध्ये ते ब्रन्सविक नावाच्या जहाजावर असताना फ्रेंचांनी ते जहाज पकडले. माल गेला आणि जमशेटजींना कैदी म्हणून आफ्रिकेच्या टोकाशी, केप ऑफ गुड होपला नेण्यात आले. तेथून मोठ्या हालअपेष्टा सोसून एका डॅनिश जहाजाने ते कलकत्त्याला परतले. दुसरा कोणी असता तर त्याने समुद्राचे नाव टाकले असते. जमशेटजी पुन्हा एकदा चीनला गेले आणि या वेळी नफा घेऊन आले.

त्याच ब्रन्सविक जहाजावर विल्यम जार्डिन नावाचा एक तरुण स्कॉटिश डॉक्टर होता. संकटात झालेली ओळख सहसा विसरत नाही. या जार्डिननेच पुढे डॉक्टरकी सोडून व्यापार धरला आणि सन १८३२ मध्ये कँटन येथे जार्डिन मॅथेसन ही कंपनी काढली. मुंबईचे जमशेटजी आणि कँटनचे जार्डिन यांच्यामधील व्यवहार पुढे वर्षानुवर्षे चालला. शिडाच्या जहाजाने एक पत्र पोहोचायला काही महिने लागत. माल पाठवायचा, भाव तिकडच्या माणसाने ठरवायचा आणि पैसा केव्हातरी यायचा, असा तो मामला. दोन माणसांचा एकमेकांवर भरवसा नसेल तर असा धंदा एक दिवसही चालणार नाही.

आता आपल्या वाचकांना विशेष जिव्हाळ्याची वाटेल अशी गोष्ट सांगतो. जमशेटजींची पेढी एकट्या पारशांची नव्हती. तिचे एक भागीदार मोतीचंद अमीचंद हे जैन होते, तर दुसरे महंमद अली रोगे हे कोकणी मुसलमान. शिवाय गोव्याकडचे ख्रिस्ती व्यापारी रोजेरियो द फारिया यांच्याशीही त्यांचा घनिष्ठ व्यवहार होता. हे चार निरनिराळ्या जमातींचे लोक केवळ स्नेहापोटी एकत्र आले नव्हते. मोतीचंदांचे लागेबांधे माळव्यातील अफू पिकवणाऱ्यांशी होते. रोगे घराण्याची नाखुदांशी आणि जहाजांच्या दुनियेशी जुनी ओळख होती. फारियांचे वजन पोर्तुगीज अधिकाऱ्यांकडे होते. जमशेटजींना चीनची बाजारपेठ माहीत होती. माळव्याचा माल मुंबईतून जाऊ नये म्हणून कंपनी सरकारने अडथळे घातले, तेव्हा तो पोर्तुगिजांच्या दमण बंदरातून बाहेर जाऊ लागला. फारियांची ओळख कशी कामाला आली असेल हे सांगायला नकोच. सन १८३० च्या सुमारास कंपनीने परवाने देऊन हा माल मुंबईतून जाऊ दिला आणि मुंबई बंदराची भरभराट झाली.

जमात ही माणसाची पहिली शाळा असते. तेथे उमेदवारी मिळते, जामीन मिळतो, अडचणीला हात मिळतो. जमशेटजींनाही मामांच्या दुकानाचा आधार मिळालाच. परंतु एका जमातीची माहिती आणि एका जमातीची पत समुद्रापार पुरत नाही. जमशेटजी मोठे झाले ते आपल्या माणसांना न सोडता परक्यांशी भागीदारी केल्यामुळे. सन १८१४ मध्ये त्यांनी गुड सक्सेस हे पहिले जहाज घेतले आणि हळूहळू त्यात आणखी सहा जहाजांची भर घातली.

वाचकहो, येथवर वाचून कोणालाही अभिमान वाटेल. पण त्या जहाजांत मुख्यतः काय भरलेले असे, हा प्रश्न आपण टाळू नये. त्यात अफू असे. चीनच्या बादशहाने अफूच्या आयातीला बंदी केलेली होती. तरी चोरट्या मार्गाने ती उतरवली जाई आणि तेथील लक्षावधी कुटुंबे व्यसनात बुडत. सन १८३९ मध्ये लिन झेशू या चिनी अधिकाऱ्याने वीस हजारांहून अधिक पेट्या अफू जप्त करून नष्ट केली. इंग्रजांनी त्यावरून युद्ध पुकारले. सन १८४२ च्या नानकिंगच्या तहाने चीनला हाँगकाँग सोडून द्यावे लागले आणि जबर खंडणी भरावी लागली. त्याच सन १८४२ मध्ये जमशेटजींना सर हा किताब मिळाला. हा मान मिळवणारे ते पहिले हिंदी गृहस्थ होत. ही दोन्ही सत्ये शेजारी शेजारी ठेवूनच हे चरित्र वाचले पाहिजे. त्या काळी कंपनी सरकार स्वतःच अफूचा धंदा करीत होते आणि अनेक प्रतिष्ठित व्यापारी त्यात होते, हे खरे. म्हणून त्या मालाने झालेली हानी कमी होत नाही.

दुसरी एक गोष्ट व्यवहाराची आहे. माल आपला, भांडवल आपले, जहाजेही काही आपली. परंतु विमा, लंडनवरच्या हुंड्या आणि परदेशातील आडत बहुतांशी इंग्रजांच्या हाती होती. पुढे आगबोटी आल्या, मोठ्या इंग्रज कंपन्यांची पकड घट्ट झाली आणि हिंदी व्यापाऱ्यांचा चीनच्या व्यापारातील वाटा त्यांच्याच अटींवर राहू लागला. साखळीत असणे निराळे आणि साखळीची किल्ली हाती असणे निराळे.

जमशेटजींनी मिळवलेला पैसा मात्र तिजोरीत कोंडून ठेवला नाही. हॉस्पिटलसाठी त्यांनी एक लाख रुपये दिले आणि सन १८४५ मध्ये ते सुरू झाले. माहीम आणि वांद्रे यांच्यामधील खाडी ओलांडताना होड्या बुडत, माणसे मरत. त्यांच्या पत्नी आवाबाई यांनी १,५७,००० रुपये देऊन तेथे रस्ता बांधवला. तोही सन १८४५ मध्येच खुला झाला. आज आपण माहीम कॉजवे म्हणतो तो हाच. चित्रकला व हस्तकला शिकवणारी शाळा निघावी म्हणून आणखी एक लाख रुपये दिले गेले. सन १८५७ मध्ये सुरू झालेली ती संस्था म्हणजे जे. जे. स्कूल ऑफ आर्ट. त्याच वर्षी त्यांना बॅरोनेट ही वंशपरंपरागत पदवी मिळाली. १४ एप्रिल १८५९ रोजी त्यांचे निधन झाले. हॉस्पिटलचे दार सर्व जातिधर्मांच्या रुग्णांना खुले राहिले. भागीदारी जशी सर्वांशी, तसे दानही सर्वांसाठी.

त्यांचे भागीदार रोगे यांच्या घराण्याचेही स्मरण येथे ठेवले पाहिजे. याच घराण्यातील पुढील पिढीचे नाखुदा महंमद अली रोगे हे बदरुद्दीन तय्यबजी व कमरुद्दीन तय्यबजी यांच्यासमवेत सन १८७४ मध्ये अंजुमन-ए-इस्लामच्या स्थापनेत होते. बंदरावर मिळवलेली संपत्ती आणि प्रतिष्ठा अशी मुलांच्या शिक्षणाच्या कामी आली. ज्या व्यापाऱ्यांनी शाळा काढल्या त्यांच्यापैकी कित्येकांना स्वतःला शाळा मिळाली नव्हती, हे विद्यार्थी मित्रांनी ध्यानात ठेवावे.

पालकहो, आपला मुलगा किंवा मुलगी दुकान, वाहतूक, निर्यात अशा धंद्याकडे वळत असेल तर त्यांना अडवू नका. पण हिशेब, कायदा आणि दोन-तीन भाषा यांची तयारी आधी करवून घ्या. जमशेटजींना जे कैद भोगून, नुकसान सोसून शिकावे लागले ते आज कॉलेजात शिकता येते. विद्यार्थी मित्रांनो, तुमच्या बाकावर शेजारी बसणारा दुसऱ्या मोहल्ल्यातला, दुसऱ्या धर्माचा मुलगा उद्या तुमचा भागीदार होऊ शकतो. त्याच्याशी दिलेला शब्द आतापासूनच पाळा. आणि पुढे कधी तुमच्या नावाने माल बंदरावर गेला, तर भाव विचारण्याआधी पेटीत काय आहे आणि ते कोणाच्या घरी पोहोचणार आहे, एवढे अवश्य पाहा.