लेखणीला लेखणीनेच उत्तर : सर सय्यद अहमद खान



आपल्या धर्माविषयी कोणी वेडेवाकडे लिहिले की रक्त तापते. ते स्वाभाविक आहे. पण पुढे काय करावे, हे ठरविण्यापूर्वी सर सय्यद अहमद खान यांचे चरित्र डोळ्यांसमोर आणा.

त्यांचा जन्म १८१७ साली दिल्लीत झाला. पुढे ते कंपनी सरकारच्या न्यायखात्यात नोकरीस लागले. १८५७ च्या उठावानंतर मुसलमानांवर सरकारचा रोष होता. अशा वेळी त्यांनी उठावाची कारणे सांगणारे पुस्तक लिहिले व दोष राज्यकर्त्यांच्या पदरी घातला. मित्रांनी ते जाळून टाकण्याची विनवणी केली, पण त्यांनी ऐकले नाही. छापलेल्या ५०० प्रतींपैकी बहुतेक त्यांनी विलायतेस पाठविल्या. ज्याने चूक सुधारायची, त्यालाच ती ऐकविली. रस्त्यावर कोणाला भडकविले नाही.

पुढे सर विल्यम म्यूर यांनी लिहिलेल्या पैगंबरचरित्राने त्यांचे मन फार दुखावले. म्यूर हे १८६८ पासून त्यांच्याच प्रांताचे लेफ्टनंट गव्हर्नर! सर सय्यद यांनी पुस्तकावर बंदी मागितली नाही. कर्ज काढून १८६९ मध्ये ते लंडनला गेले, तेथील ग्रंथालये धुंडाळली आणि १८७० मध्ये आपले उत्तर इंग्रजीत प्रसिद्ध केले.

त्यांची स्वतःची मतेही अनेकांना रुचली नाहीत. 'तहजीबुल अखलाक' या नियतकालिकातील लेखांमुळे त्यांना काफिर ठरविणारे फतवे निघाले. तरी त्यांनी लेखणी खाली ठेवली नाही आणि १८७५ साली अलीगढला शाळा काढली. हीच पुढे १९२० मध्ये विद्यापीठ झाली. अखेरच्या दिवसांत, पैगंबरांच्या पत्नींविषयी निंदात्मक पुस्तक निघाले, तेव्हाही ते उत्तर लिहीत होते. ते अपुरे राहिले. २७ मार्च १८९८ रोजी त्यांचे निधन झाले.

मित्रांनो, खून पाडा, घरे जाळा अशी चिथावणी देणारे भाषण ही गोष्ट निराळी. त्यासाठी कायदा आहे व त्याचा आधार अवश्य घ्यावा. पण बोचणाऱ्या पुस्तकाला पुस्तकानेच उत्तर द्यावे. त्यासाठी भाषा यावी लागते, ग्रंथ वाचावे लागतात, परक्याचे म्हणणे शेवटपर्यंत ऐकावे लागते. ही तयारी घोषणांनी होत नाही. ती शाळेच्या बाकावर होते. पालकहो, मुलामुलींना त्या बाकावर बसवा. विद्यार्थी मित्रांनो, तेथून अर्ध्यावर उठू नका.