एकच गोष्ट शेकडो बोलींत लिहून घेणारे ग्रिअर्सन साहेब

मुळशीवरून ताम्हिणी घाट उतरून कोकणात गेलात की बोलायची ढब बदलते. कानाला ते कळतं, पण कागदावर कसं मांडायचं? हा उद्योग जॉर्ज ग्रिअर्सन या आयरिश माणसाने केला.

१८५१ साली डब्लिनजवळ जन्म. कॉलेजात गणित शिकता शिकता संस्कृतची गोडी लागली. १८७३ मध्ये सरकारी अधिकारी म्हणून भारतात आले, बिहारमध्ये राहिले आणि तिथल्या शेतकऱ्यांच्या शब्दांत रमले.

१८९८ मध्ये सरकारने त्यांच्याकडे भारतातल्या भाषांची पाहणी सोपवली. युक्ती साधी होती. बायबलमधली उधळ्या मुलाची गोष्ट ठिकठिकाणच्या अधिकाऱ्यांकडून तिथल्या बोलीत लिहून मागवायची. सोबत एखादी स्थानिक गोष्ट आणि शब्दांची ठरलेली यादी. गोष्ट एकच, त्यामुळे फरक लगेच दिसायचा! पुढे ग्रामोफोनवर आवाजही नोंदवले गेले.

मराठीचा खंड १९०५ चा. त्यात नॉर्वेच्या स्टेन कोनो यांचा मोठा वाटा. त्यात पुण्याची मराठी प्रमाण धरली आणि कोकणीला मराठीची बोली ठरवलं. यावरचा वाद कित्येक दशकं चालला. कोकणी आठव्या अनुसूचीत आली ती थेट १९९२ मध्ये. शिवाय निजामाचं राज्य पाहणीत नव्हतंच. म्हणजे आपला मराठवाडा बाहेर. ही उणीव मोठीच म्हणायची.

१९२८ मध्ये काम संपलं तेव्हा हिशेब होता १७९ भाषा, ५४४ बोली. ग्रिअर्सन १९४१ साली इंग्लंडमध्ये वारले.