बेसी स्मिथची सोळा मिनिटे

मूकपटाला कंठ फुटला आणि अमेरिकेतल्या चित्रपट कंपन्यांनी नाचगाण्याच्या छोट्या बोलपटांचा सपाटा लावला. मुख्य चित्रपटाआधी ते दाखवले जात. ज्या कृष्णवर्णीयांना शेजारच्या खुर्चीवर बसू देत नसत, त्यांचे गाणे मात्र पडद्यावर हवे होते! १९२९ चा ‘सेंट लुईस ब्लूज’ हा असाच सोळा मिनिटांचा बोलपट. ब्लूज गायिका बेसी स्मिथ पडद्यावर दिसते ती एवढीच.

बेसी १८९४ साली टेनेसीतील चॅटनूगा येथे जन्मली. आईबाप लहानपणीच गेले. भावासोबत रस्त्यावर गाऊन पोट भरले, मग १९१२ मध्ये फिरत्या मंडळीत नाचणारी म्हणून शिरली. १९२३ मध्ये कोलंबिया कंपनीने तिची पहिली तबकडी काढली. ती लाखोंनी खपली. बेसीच्या हाती गाण्यामागे ठरावीक रक्कम, विक्रीतला वाटा शून्य. घाम कोणाचा, तिजोरी कोणाची, हे आमच्या वाचकांना शिकवायला नको. दक्षिणेत गोऱ्यांच्या हॉटेलांत कृष्णवर्णीयांना थारा नव्हता, म्हणून तिने मंडळीसाठी स्वतःचा रेल्वेचा डबाच घेतला. १९२७ मध्ये नॉर्थ कॅरोलिनात कू क्लक्स क्लॅनचे बुरखेधारी तिचा तंबू पाडायला आले, तेव्हा ती त्यांच्यावर धावून गेली आणि त्यांना पिटाळले, असे चरित्रकार नोंदवतात.

अशा बाईला बोलपटात काय दिले? तिचा पुरुष दुसरीशी रमतो, हिला ढकलून पाडतो. ही जमिनीवर पडून गाते. तो परत येतो, गोड बोलून तिचे पैसे काढतो आणि चालता होतो. गाणे डब्ल्यू. सी. हँडी या कृष्णवर्णीय संगीतकाराचे. दिग्दर्शक डडली मर्फी गोरा. जुगार, दारू, मारझोड एवढीच आमची वस्ती, हे चित्र आम्हाला परके नाही. तरीही तिचा आवाज ते सारे चित्र फाडून बाहेर येतो.

२६ सप्टेंबर १९३७ रोजी मिसिसिपीत मोटार अपघातात ती गेली. गोऱ्यांच्या इस्पितळाने तिला नाकारले, अशी कथा पसरली. ती खरी नाही, आणि आम्ही ती सांगणार नाही. तिला थेट क्लार्क्सडेलच्या कृष्णवर्णीयांच्या इस्पितळात नेले. गोऱ्यांच्या दारात नेण्याचा विचारही कोणी केला नाही. नाकारण्याची वेळच येऊ नये, इतकी ती व्यवस्था पक्की होती!

फिलाडेल्फियात तिच्या अंत्ययात्रेला हजारो लोक लोटले. पण कबरीवर नावाचा दगड १९७० पर्यंत नव्हता. तो बसवला गायिका जॅनिस जॉप्लिन आणि लहानपणी बेसीच्या घरची फरशी पुसणाऱ्या हुआनिटा ग्रीन या दोघींच्या पैशांनी.