डॉ. चिंतामणराव देशमुख : संकटापूर्वीची तजवीज

आपल्या स्मरणिकेत थोर पुरुषांची चरित्रे देण्याचा प्रघात आहे. यंदा आम्ही डॉ. चिंतामणराव देशमुख यांचे चरित्र निवडले आहे. त्यांच्या बुद्धिमत्तेची कीर्ती आपल्या घरोघरी सांगितली जाते. परंतु देशावर आर्थिक अरिष्ट कोसळण्यापूर्वीच त्याच्या निवारणाची तजवीज करून ठेवण्यात त्यांचा जो वाटा होता, त्याचा उल्लेख क्वचितच होतो. तोच येथे करण्याचे योजिले आहे.

चिंतामणरावांचा जन्म १४ जानेवारी १८९६ रोजी रायगडाच्या परिसरातील नाते या गावी झाला. वडील द्वारकानाथपंत वकिली करीत. १९१२ साली मॅट्रिकच्या परीक्षेत ते पहिले आले व संस्कृतची जगन्नाथ शंकरशेट शिष्यवृत्ती त्यांनी मिळविली. केंब्रिज येथे वनस्पतिशास्त्राचे अध्ययन करून १९१८ साली ते आय. सी. एस. परीक्षेतही पहिले आले. मध्यप्रांत व वऱ्हाडात दीर्घकाळ सेवा केल्यावर १९३९ साली ते रिझर्व्ह बँकेत रुजू झाले आणि ऑगस्ट १९४३ मध्ये त्या बँकेचे पहिले हिंदी गव्हर्नर झाले.

तो काळ महायुद्धाचा होता. इंग्रज सरकार युद्धासाठी हिंदुस्थानातून माल घेई, पण त्याची किंमत लंडनमध्ये पौंडांच्या खाती जमा होई. इकडे त्या पौंडांच्या आधारावर नोटा छापल्या जात. माल देशाबाहेर गेलेला आणि नोटा वाढलेल्या, त्यामुळे महागाई भडकली. युद्ध संपले तेव्हा हे पौंडांचे येणे सुमारे १,७०० कोटी रुपयांवर गेले होते. अर्धपोटी राहिलेल्या रयतेची ती सक्तीची बचत होती. मात्र तिची किल्ली धन्याजवळ नव्हती, ऋणकोजवळ होती!

जुलै १९४४ मध्ये अमेरिकेतील ब्रेटन वुड्स येथे ४४ राष्ट्रांची परिषद भरली. तीत आंतरराष्ट्रीय नाणेनिधी व जागतिक बँक यांचा पाया घातला गेला. नाणेनिधीची कल्पना गावाच्या सामाईक पेवासारखी आहे. प्रत्येकाने ऐपतीप्रमाणे त्यात भर घालावयाची, आणि ज्याच्या घरी तूट येईल त्याने ठरलेल्या अटींवर त्यातून उचल करून पुढे ती परत भरावयाची. हिंदी शिष्टमंडळात चिंतामणराव होते. लंडनमध्ये अडकलेल्या येण्याचा काही भाग तरी या योजनेतून मोकळा व्हावा, अशी मागणी शिष्टमंडळाने केली. ती मान्य झाली नाही. तरीही शिष्टमंडळ रुसून बसले नाही. पेवातील आपला वाटा वाढवून घेण्यासाठी त्याने नेट धरला. हिंदुस्थानचा वाटा ४० कोटी डॉलर ठरला. पुढे रशिया निधीत सामील न झाल्याने पहिल्या पाच मोठ्या वाट्यांत आपला समावेश झाला आणि स्वतंत्र राष्ट्र होण्यापूर्वीच कार्यकारी मंडळावर आपल्याला हक्काची जागा मिळाली.

घराबाहेरील पेवाइतकेच घरातील कणगीकडेही लक्ष हवे. १९३८ साली दक्षिणेतील त्रावणकोर नॅशनल अँड क्विलॉन बँक बुडून अनेकांच्या ठेवी अडकल्या होत्या. चिंतामणरावांच्या कारकीर्दीत, १९४९ साली, बँकांसंबंधी व्यापक कायदा झाला. परवान्याशिवाय बँक चालविता येऊ नये, ठेवींचा ठराविक हिस्सा रोख, सोने वा खात्रीच्या रोख्यांत राखावा आणि रिझर्व्ह बँकेने दप्तरे तपासावीत, असे त्यात ठरले. त्याच वर्षी रिझर्व्ह बँक राष्ट्राच्या मालकीची झाली. १९५० साली ते अर्थमंत्री झाले. १९५५ साली इंपीरियल बँकेचे स्टेट बँकेत रूपांतर झाले ते त्यांच्याच कारकीर्दीत. १९५६ साली मुंबईच्या प्रश्नावर त्यांनी मंत्रिपदाचा त्याग केला, हे सर्वश्रुत आहे. पुढे विद्यापीठ अनुदान मंडळाचे अध्यक्षपद व दिल्ली विद्यापीठाचे कुलगुरुपद त्यांनी भूषविले. २ ऑक्टोबर १९८२ रोजी हैदराबाद येथे त्यांचे देहावसान झाले.

त्यांच्या कार्याचे मोल आम्हांस खऱ्या अर्थाने कळले ते १९९१ साली. आम्ही तेव्हा तरुण शिक्षक होतो. देशाजवळ जेमतेम दोन-तीन आठवड्यांच्या आयातीपुरते परकीय चलन उरले होते आणि सोने परदेशी गहाण पडल्याचे वर्तमानपत्रांत वाचून शिक्षकांच्या खोलीत कोणास बोलवेना. नाणेनिधीचे दार ठोठावता आले, कारण त्या पेवात आपला वाटा १९४४ सालीच मुक्रर झाला होता. सोने मात्र पाठवावे लागले, कारण घरातील कणगी आपणच रिती होऊ दिली होती. हा धडा देश विसरला नाही. २००९ साली रिझर्व्ह बँकेने त्याच नाणेनिधीकडून २०० टन सोने विकत घेतले.

आम्ही मॅट्रिकपलीकडे शिकलो नाही. अर्थशास्त्राचा अधिकार आम्हांस नाही. तथापि सुकाळात साठवावे, साठवण आपल्या हाती ठेवावी, शेजाऱ्यांशी सामाईक पेव राखावे आणि हिशेब दुसऱ्यास तपासू द्यावा, एवढे या चरित्रातून आम्ही शिकलो. राष्ट्रास जे हितकर, तेच कुटुंबासही. आपल्या मुलांनी चिंतामणरावांचा पहिला क्रमांक जरूर आठवावा. पण त्यांची ही दूरदृष्टीही आठवावी, एवढीच आमची विनंती आहे. या थोर पुरुषाच्या स्मृतीस आमचे विनम्र अभिवादन.