पनवेलचे प्रबोधनकार : रंगभूमी, रजतपट आणि लोकसेवा

पनवेल हे खाडीकाठचे जुने व्यापारी गाव. या गावी १७ सप्टेंबर १८८५ रोजी आपल्या चांद्रसेनीय कायस्थ प्रभू ज्ञातीतील एका बेताच्या परिस्थितीच्या कुटुंबात केशव सीताराम ठाकरे यांचा जन्म झाला. वडील सीतारामपंत हे पनवेलकर या नावाने ओळखले जात. गावाचे नाव त्या घराण्याने काही काळ अंगावरच वागविले म्हणा ना! प्लेगच्या साथीत रोग्यांची शुश्रूषा करीत असता सीतारामपंतांचा अंत झाला. आजीला घरातील सर्वजण बय म्हणत. ती सुईणीचे काम करी आणि अडलेल्या बाईची जात विचारीत नसे. लोकसेवेचा धडा केशवरावांना ग्रंथांतून घ्यावा लागला नाही, तो घरातच मिळाला.

बाळपणीच त्यांच्या स्वभावाची चुणूक दिसली. सोबत खेळणाऱ्या एका अल्पवयीन मुलीचे लग्न एका जरठाशी ठरलेले पाहून या मुलाने लग्नाचा मांडवच पेटवून दिला. कृत्य समर्थनीय होते की नाही, याचा निवाडा वाचकांनी करावा. परंतु पुढील सारे आयुष्य त्या ठिणगीशी सुसंगत असेच गेले. विद्यार्थिदशेतच ‘विद्यार्थी’ नावाचे छोटेखानी पत्रही त्यांनी काढले होते. पुढे देवासला शिकत असता परीक्षेच्या फीला दीड रुपया कमी पडला आणि मॅट्रिकचे दार बंद झाले ते कायमचेच. इंग्रजीवर मिळविलेले प्रभुत्व ही सर्वस्वी स्वतःच्या अभ्यासाची कमाई.

उदरनिर्वाहासाठी त्यांनी पाट्या रंगविल्या, छायाचित्रे काढली, विम्याची एजंटी केली. याच भटकंतीत ते नाटक मंडळ्यांच्या बिऱ्हाडी जाऊन पोहोचले. ‘स्वदेशहितचिंतक’ मंडळीचा आणि संगीतसूर्य केशवराव भोसले यांचा त्यांना निकट सहवास घडला. नाटकवाल्यांना प्रतिष्ठित घरांत जवळ करीत नसत, असे ते दिवस होते. आपल्या समाजातही नाक मुरडणारे कमी नसावेत! रंगपटाच्या आतबाहेर वावरताना, हजार माणसांच्या मनाला एकाच वेळी हात कसा घालावा हे त्यांनी पाहिले. त्यांचे गाजलेले वक्तृत्व आणि त्या विषयावरील त्यांचा ग्रंथ यांचे मूळ मला तरी येथेच दिसते.

आपल्या ज्ञातीवर लेखणीचा हल्ला झाला तेव्हा १९१८ साली ‘कोदंडाचा टणत्कार’ लिहून त्यांनी त्यास सडेतोड उत्तर दिले आणि १९१९ साली ग्रामण्यांचा साद्यंत इतिहास मांडला. या दोन ग्रंथांचा अभिमान आपल्या प्रत्येक मेळाव्यात व्यक्त होतो, आणि तो योग्यच आहे. परंतु त्याच लेखणीने ‘कुमारिकांचे शाप’ लिहून हुंड्याच्या चालीवर कोरडे ओढले, हे सांगताना आपला आवाज किंचित उतरतो. दादरला स्वाध्यायाश्रमाच्या तरुणांना हाताशी धरून त्यांनी हुंडा घेणाऱ्या नवरदेवांच्या वरातीसमोर गाढवांची वरात काढली. त्या नवरदेवांत आपल्या ज्ञातीचेही होते. ज्यांच्यासाठी कोदंड उचलले त्यांच्याच दारी गाढवे नेऊन उभी करावयाची, या करणीने त्यांनी किती सोयरेधायरे गमावले असतील याची कल्पना आपल्याखेरीज दुसऱ्या कोणास येणार?

१६ ऑक्टोबर १९२१ रोजी ‘प्रबोधन’ पाक्षिक निघाले आणि त्याचेच नाव पुढे त्यांच्या नावाशी कायमचे जोडले गेले. पत्रापायी त्यांनी सरकारी बांधकाम खात्यातील नोकरीवरही पाणी सोडले. राजर्षी शाहू महाराज व कर्मवीर भाऊराव पाटील यांच्या कार्याशी ते याच काळात निगडित झाले. दादर, सातारा, पुणे असे बिऱ्हाड हलत राहिले. पैसा मात्र कोठेच टिकला नाही.

लेखाने न हललेली मने रंगभूमीने हलतील, या विश्वासाने त्यांनी ‘खरा ब्राह्मण’ हे नाटक लिहिले. ते १९३३ साली रंगभूमीवर आले. अस्पृश्यांना उराशी धरणाऱ्या एकनाथांचे चरित्र हा त्याचा विषय. पुण्यातील सनातनी मंडळी खवळली आणि नाटक अधिकच गाजले. ‘टाकलेलं पोर’ हे त्यांचे दुसरे नाटक.

नट म्हणून त्यांची कीर्ती झाली असे म्हणणे अतिशयोक्तीचे होईल. तथापि साठी उलटल्यावर ते रजतपटावर आले, आणि आले तेही निवडक चित्रांतून. आचार्य अत्रे यांचे ‘श्यामची आई’ १९५३ साली निघाले व राष्ट्रपतींच्या पहिल्या सुवर्णपदकाचे मानकरी ठरले. पुढच्याच वर्षीच्या ‘महात्मा फुले’ या चित्रासही राष्ट्रपतींचे रौप्यपदक लाभले. या दोन्ही चित्रांत प्रबोधनकारांनी भूमिका केल्या. ज्योतिरावांचा वारसा जन्मभर लेखणीने चालविलेल्या माणसाने त्यांच्या चित्रात तोंडाला रंग लावावा, हा योग विरळाच. संत गाडगेबाबांचे चरित्रही त्यांनी याच सुमारास, १९५२ साली, लिहिले.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात सत्तरी ओलांडलेले प्रबोधनकार अग्रभागी होते. सर्व पक्षांच्या पुढाऱ्यांना एका व्यासपीठावर धरून ठेवण्यात त्यांच्या वडीलकीचा फार उपयोग झाला. १ मे १९६० रोजी राज्य झाले. १९६६ साली चिरंजीव बाळासाहेबांनी स्थापन केलेल्या संघटनेस ‘शिवसेना’ हे नाव त्यांनीच दिले.

२० नोव्हेंबर १९७३ रोजी मुंबईत त्यांचे देहावसान झाले. त्याच वर्षी त्यांचे ‘माझी जीवनगाथा’ हे आत्मचरित्र प्रसिद्ध झाले होते. आपल्या घरांतील मुलांनी ते अवश्य वाचावे. त्यात जुने पनवेल आहे, बय आहे, आणि तो जळालेला मांडवही आहे.