नहाणी ट्रॅप, फूटव्हॉल्व्ह आणि लक्ष्मणराव

मे महिन्याची सुट्टी संपवून साताऱ्याहून सांगलीला होस्टेलवर परतलं, की पहिलं स्वागत कोण करतं? बाथरूमचा वास! फिनेल झालं, डांबराच्या गोळ्या झाल्या, काही उपयोग नाही. फ्लुइड मेकॅनिक्समध्ये बरे मार्क असूनही कारण कळायला मला दोन वर्षं लागली, हे कबूल करतो. न्हाणीच्या जाळीखाली नहाणी ट्रॅप असतो. त्यात साधारण 50 मिलिमीटर पाणी कायम उभं असतं आणि तेच गटारातला वायू अडवतं. सुट्टीत आंघोळीला कुणी नसतं, पाणी आटतं आणि गटाराचं दार सताड उघडं!

यावर उपाय म्हणजे ट्रॅप प्रायमर. पाण्याच्या लाइनवर बसवायचा छोटासा पितळी व्हॉल्व्ह. लाइनवरचा नळ उघडला की दाब पडतो, व्हॉल्व्ह थोडं पाणी सोडतो आणि ते बारीक पाइपने ट्रॅपमध्ये जातं. मध्ये हवेची फट ठेवायलाच हवी, नाहीतर ट्रॅपमधलं घाण पाणी उलटं नळाच्या लाइनमध्ये ओढलं जायचं. आम्ही तिघांनी वर्गणी काढून एक मागवला.

बसवायला आलेले प्लंबरकाका पलूसकडचे. प्रायमर हे नाव ऐकून ते हसलेच. म्हणाले, प्रायमिंग तर आमच्या विहिरीवरच्या पंपाला लागतं. खरंच की! सेंट्रिफ्युगल पंप कोरडा फिरवला तर इंपेलर नुसती हवा घुसळतो. म्हणून सक्शन पाइपच्या तळाशी फूटव्हॉल्व्ह, आत पाणी धरून ठेवणारा. बोलता बोलता काका किर्लोस्करवाडीवर आले. मित्रांनो, सातारा-सांगली रेल्वेत हे स्टेशन दर खेपेला लागतं आणि मी तेव्हा हमखास झोपलेला असतो. त्या रात्री लायब्ररीतून लक्ष्मणरावांचं चरित्र आणलं.

लक्ष्मणराव काशिनाथ किर्लोस्कर यांचा जन्म 20 जून 1869 चा, बेळगाव जिल्ह्यातल्या गुर्लहोसूरचा. गडी मुंबईला गेला तो चित्रकार व्हायला! जे. जे. स्कूल ऑफ आर्टमध्ये कळलं की आपल्याला काही रंग नीट ओळखता येत नाहीत. दुसरा कोणी घरी परतला असता. हे यांत्रिक रेखाचित्रांकडे वळले आणि व्हीजेटीआयमध्ये शिकवू लागले. तिथे हक्काची बढती डावलून ती एका अँग्लो-इंडियन माणसाला मिळाली, तेव्हा नोकरी सोडून बेळगावला आले. बंधू रामुअण्णांबरोबर सायकलींचं दुकान, मग कडबा कापायचं यंत्र, मग लोखंडी नांगर.

नांगराचा भाग मी दोनदा वाचला. नांगर तयार, पण घेणार कोण? लोखंडाने जमिनीत विष भिनतं अशी शेतकऱ्यांची समजूत. पहिले नांगर खपायला दोनएक वर्षं गेली. यंत्र बनवणं एक वेळ सोपं (आपण ड्रॉइंग शीटवर रोज बनवतो), पण ते दुसऱ्याच्या शेतात उतरवणं? माझ्या मते लक्ष्मणराव खरे इंजिनिअर ठरले ते या दोन वर्षांत.

पुढे बेळगावच्या नगरपालिकेने जागा सोडायला लावली. त्या वेळी औंधचे राजे बाळासाहेब पंतप्रतिनिधी मदतीला आले. औंध आज सातारा जिल्ह्यात आणि त्यांनी दिलेली कुंडल रोड स्टेशनजवळची जागा सांगली जिल्ह्यात. जागा म्हणजे माळरान. निवडुंग आणि साप. 1910 साली तिथे कारखाना आणि वसाहत उभी राहिली. गावाची आखणी आणि कारभार रामुअण्णांनी पाहिला. अस्पृश्यता पाळायची नाही असा वाडीचा नियम होता. शिक्षा भोगून आलेल्या माणसांना राखणीला ठेवलं होतं, हे वाचून मी चाटच पडलो.

1926 मध्ये वाडीत सेंट्रिफ्युगल पंप तयार झाला. मुलगा शंतनुराव अमेरिकेतल्या एमआयटीतून शिकून आले तेही त्याच सुमारास. पण 1948 च्या सुरुवातीला गांधीहत्येनंतरच्या दंगलीत कारखान्याला आग लावली गेली. लक्ष्मणराव तेव्हा अठ्ठ्याहत्तर वर्षांचे. उभा जन्म ज्यात घातला ते जळताना त्या वयात काय वाटलं असेल, माझ्याने कल्पना करवत नाही. कारखाना पुन्हा उभा राहिला. 26 सप्टेंबर 1956 ला लक्ष्मणराव गेले.

आमच्या प्रायमरचं म्हणाल, तर पहिल्या वर्षी तो साफ फसला. तो आम्ही बाथरूमच्याच लाइनवर बसवला होता. सुट्टीत तिथला नळ उघडणार कोण? दाब पडलाच नाही, ट्रॅप कोरडा आणि जूनमध्ये तोच वास. वर्गात जी थट्टा झाली ती विचारू नका. मी तर व्हॉल्व्ह काढून विकायच्या बेतात होतो. पण नांगराची दोन वर्षं आठवली आणि काकांना पुन्हा बोलावलं. आता तो वॉचमनच्या नळाकडे जाणाऱ्या लाइनवर आहे. तो नळ बाराही महिने चालू. यंदा परत आल्यावर बॅगा खोलीत टाकायच्या आधी जाळी उचलून बॅटरी मारली. तळाशी पाणी चमकत होतं. त्या मजल्यावरच्या अजून तीन न्हाण्या राहिल्यात, वर्गणी चालू आहे.