नटवर्य कॉनराड फाइट

‘कासाब्लांका’ हा अमेरिकन बोलपट ज्या वाचकांनीं पाहिला असेल, त्यांस त्यांतील मेजर स्ट्रासर हा थंड डोळ्यांचा नाझी अधिकारी आठवत असेल. तें काम करणारे नट नाझींचे कट्टर विरोधक होते व नाझींमुळेंच मायभूमीला मुकले होते, हें मात्र थोड्यांसच ठाऊक असतें. म्हणून त्यांचें अल्प चरित्र येथें देण्याचें आम्हीं योजिलें आहे.

कॉनराड फाइट यांचा जन्म २२ जानेवारी १८९३ रोजीं बर्लिन शहरीं झाला. शाळेंत त्यांची गति बेताचीच होती. परंतु नाटकाचा छंद दांडगा. माक्स राइनहार्ट या विख्यात नाट्यदिग्दर्शकाच्या हाताखालीं त्यांनीं उमेदवारी केली. पहिल्या महायुद्धांत ते पूर्व आघाडीवर गेले, तेथें आजारी पडले आणि पुन्हां रंगभूमीकडे वळले.

१९२० सालीं ‘डॉक्टर कॅलिगारी’च्या मूकपटानें त्यांचें नांव सर्वतोमुखी झालें. त्यांत वांकड्यातिकड्या रंगविलेल्या भिंतींच्या कडेनें एक झोपेंत चालणारा तरुण सरकत जातो. शब्दाचें साहाय्य नसतां केवळ शरीर व डोळे यांनीं उत्पन्न केलेली ती भीति आजहि ओसरलेली नाहीं. १९२१ च्या एका चित्रपटांत ते हिंदी महाराजा झाले होते. त्यांतील राजवाडे बर्लिननजीकच उभारलेले होते. ते आमच्या संस्थानिकांस कितपत ओळखूं आले असते, याविषयीं आम्ही साशंक आहों! पुढें ते अमेरिकेस गेले. परंतु बोलपटांचें युग सुरू होतांच १९२९ सालीं जर्मनीस परतले.

१९३३ च्या जानेवारींत हिटलरच्या हातीं सत्ता आली. चित्रपटांत काम करणाऱ्या प्रत्येकास आपला वंश कागदावर लिहून देण्याची सक्ति झाली. फाइट हे जन्मानें प्रॉटेस्टंट ख्रिस्ती होते. खरें तें लिहिलें असतें, तर कीर्ति, पैसा व घरदार हीं सर्व सुरक्षित राहिलीं असतीं. परंतु त्याच वर्षीं ज्यांच्याशीं त्यांचा विवाह झाला, त्या लिली प्रागर या यहुदी कुळांतील होत्या. फाइट यांनीं त्या रकान्यांत स्वतःचा वंश ‘यहुदी’ असा लिहिला. असत्य लिहूं नये असें आम्ही शाळेंत शिकतों. या एका असत्याबद्दल मात्र त्यांस दोष देण्यास आमची लेखणी धजत नाहीं.

उभयतां इंग्लंडांत जाऊन राहिलीं व पुढें फाइट ब्रिटिश नागरिक झाले. परक्या भाषेंत, चाळिशी उलटल्यावर, त्यांनीं नव्यानें नांव मिळविलें. १९४० च्या ‘बगदादचा चोर’ या रंगीत बोलपटांत ते दुष्ट वजीर जाफर झाले. त्यांच्यासमोर चोराचें काम म्हैसूरकडील साबू या मुलानें केलें.

युद्धकाळीं ते हॉलीवुडला गेले. स्वतःच्या कमाईंतून ते ब्रिटनच्या युद्धकार्यास साहाय्य करीत. त्यांचा जर्मन उच्चार व कठोर चेहरा पाहून चित्रपटवाल्यांनीं त्यांस नाझींचींच कामें देऊं केलीं. हा दैवाचा विलक्षण खेळच म्हणावयाचा. त्यांनीं तीं स्वीकारलीं. परंतु तो नाझी खलपुरुषच दाखविला पाहिजे, अशी त्यांची अट असे.

३ एप्रिल १९४३ रोजीं लॉस एंजल्स येथें गोल्फ खेळतांना हृदयक्रिया बंद पडून त्यांचें देहावसान झालें. वय अवघें ५० वर्षांचें होतें. हिटलरचा पाडाव त्यांस पाहावयास मिळाला नाहीं. त्यांचा अखेरचा बोलपट मृत्यूनंतर प्रदर्शित झाला. त्यांत त्यांनीं नाझींविरुद्ध गुप्तपणें झटणाऱ्या एका गृहस्थाचें काम केलें होतें.